कच्चे कैदी, पक्की कैद

या शनिवारचा विषय जरा जड आहे, आधीच सांगून ठेवतो. क्रिकेट नाही, सिनेमा नाही, ऑनसाइटचे किस्से तर अजिबात नाहीत. विषय आहे जामीन. म्हणजे खटल्याचा निकाल लागण्याआधीच वर्षानुवर्षं तुरुंगात बसलेल्या माणसाला बाहेर सोडायचं की नाही, हा.

मी वकील नाही. कायद्याशी माझा संबंध म्हणजे भाडेकरार नोंदवायला एजंटकडे मारलेल्या चकरा, तेवढाच. पण गेले काही महिने फावल्या वेळात सुप्रीम कोर्टाचे निकाल वाचतोय (वेबसाइटवर फुकट मिळतात, आणि वाटतात तेवढे कठीण नसतात). दिवसभर सिस्टिम्स बांधणाऱ्या आणि त्या कुठे अडकतात ते शोधणाऱ्या माणसाला त्यात जे दिसलं, ते इथे मांडतोय.

सुरुवात एका पेटीपासून करतो. २०२१ च्या ऑक्टोबरात मुंबईच्या आर्थर रोड तुरुंगाबाहेरची एक पेटी सगळ्या देशाला माहीत झाली. कोर्टाने जामीन दिला की आदेशाचा कागद त्या पेटीत पडावा लागे. पेटी ठराविक वेळी उघडे. त्या वेळेआधी कागद पडला तर आज सुटका, नाहीतर उद्या. २८ ऑक्टोबरला मुंबई उच्च न्यायालयाने आर्यन खानला जामीन दिला. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी साडेपाचपर्यंत कागद काही पोचला नाही. मग शाहरुख खानच्या मुलालासुद्धा आणखी एक रात्र आत काढावी लागली, आणि ३० तारखेला सकाळी तो सुटला. जामीनदार म्हणून कोर्टात आल्या होत्या जुही चावला. पुढे मे २०२२ मध्ये एनसीबीने पुराव्याअभावी त्याच्यावर आरोपपत्रच ठेवलं नाही.

तेव्हा मी नुकताच नोकरीला लागलो होतो. कँटीनमध्ये त्या पेटीवर भरपूर विनोद झाले. "ईमेल नाही का यांच्याकडे?" वगैरे. विनोद बाजूला ठेवला तर मुद्दा वेगळाच आहे. देशातले महागडे वकील, टीव्हीचे कॅमेरे, सिनेतारका जामीनदार, एवढं सगळं असूनही ही यंत्रणा एक रात्र खाऊन गेली. मग ज्याच्याकडे यातलं काहीच नाही, त्याच्या किती रात्री खात असेल?

त्याचं उत्तर आकड्यांत आहे. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभाग, म्हणजे एनसीआरबी, तुरुंगांची आकडेवारी प्रसिद्ध करतो. ३१ डिसेंबर २०२२ रोजी देशातल्या तुरुंगांत ५,७३,२२० माणसं होती. त्यातली ४,३४,३०२ कच्चे कैदी होती. म्हणजे ज्यांचा गुन्हा अजून सिद्ध झालेला नाही अशी. शंभरातली जवळजवळ शहात्तर! तुरुंग म्हटल्यावर आपल्या डोळ्यांसमोर शिक्षा भोगणारा गुन्हेगार येतो. प्रत्यक्षात तिथे चारातले तीन जण फक्त वाट बघत बसलेले असतात. त्यातले अकरा हजारांहून जास्त लोक पाच वर्षांपेक्षा अधिक काळ वाट बघत होते. पाच वर्षं म्हणजे इंजिनिअरिंगची पूर्ण डिग्री आणि वर एक वर्षाचा अनुभव.

ही माणसं कोण? त्याच अहवालाप्रमाणे कच्च्या कैद्यांपैकी साधारण दोन तृतीयांश निरक्षर किंवा दहावीच्या आत शिकलेले होते. जात बघितली तर तितकेच अनुसूचित जाती, जमाती आणि इतर मागासवर्गांतले. थोडक्यात, तुमच्या-माझ्या सोसायटीतले नाहीत. कदाचित म्हणूनच आपल्याला हा विषय "दुसऱ्या कोणाचा तरी" वाटतो.

आता थोडं तांत्रिक. पण समजून घेण्यासारखं आहे, कारण सगळी गंमत (गंमत कसली म्हणा) इथेच आहे.

पोलिसांनी माणूस पकडला की तपास पूर्ण करून आरोपपत्र द्यायला त्यांना मुदत असते. साधारण गुन्ह्यांत ६० दिवस. फाशी, जन्मठेप किंवा दहा वर्षं आणि त्याहून मोठी शिक्षा असलेल्या गुन्ह्यांत ९० दिवस. मोक्का, यूएपीए अशा खास कायद्यांत ती १८० दिवसांपर्यंत वाढवता येते. मुदत चुकली आणि आरोपीने अर्ज केला, तर जामीन द्यावाच लागतो. गुन्हा कितीही गंभीर असो, तिथे न्यायाधीशाच्या मर्जीचा प्रश्न नाही. याला सरळ टाइमआऊट म्हणता येईल. भीमा कोरेगाव प्रकरणात सुधा भारद्वाज डिसेंबर २०२१ मध्ये याच मार्गाने बाहेर आल्या.

हे डिझाइन मला मनापासून आवडलं. उशीर पोलिसांनी केला, तर त्याची किंमत पोलिसांच्या केसने मोजायची. म्हणूनच बहुतेक आरोपपत्रं ५९ व्या किंवा ८९ व्या दिवशी का होईना, पण येतात. डेडलाइन असली की काम होतं, हे आपल्याला कोणी शिकवायला नको.

पण आरोपपत्र दाखल झालं की हे घड्याळ बंद पडतं. पुढे दोषारोप निश्चित करायचे, साक्षीदार बोलवायचे, उलटतपासणी, युक्तिवाद, निकाल. प्रत्यक्षात बांधणारी मुदत यातल्या कशालाच नाही. कधी आरोपीला आणायला पोलीस पथक नसतं, कधी सरकारी वकील बदललेले असतात, कधी साक्षीदार येत नाही, कधी न्यायाधीशांची बदली होते. "पुढची तारीख." आरोपीच्या वकिलांनी तारखा मागितल्याच्या केसेसही असतातच, ते नाकारण्यात अर्थ नाही. पण सरकारच्या बाजूने उशीर झाला, तर सरकारचं काय जातं? काहीच नाही. न्यायालयाचं? काही नाही. सगळा हिशोब आत बसलेल्याच्या नावावर पडतो, आणि त्या उशिरावर त्याचा कसलाही ताबा नसतो.

माझा एकूण मुद्दा एवढाच आहे. उशिराची किंमत जो मोजतो तो उशीर करत नाही, आणि जो उशीर करतो त्याला किंमत मोजावी लागत नाही. अशी सिस्टिम आपोआप कधीच वेगाने चालणार नाही. लांबलेल्या केसमध्ये जामीन देणं हा आरोपीवर उपकार नाही की त्याच्या निर्दोषपणाचं सर्टिफिकेट नाही. उशिराची किंमत योग्य खात्यावर टाकण्याचा तो एकमेव मार्ग उरला आहे.

हे काही आज सुचलेलं नाही. १९७९ च्या जानेवारीत बिहारमधल्या कच्च्या कैद्यांच्या बातम्या इंडियन एक्स्प्रेसमध्ये आल्या. पुष्पा कपिला हिंगोरानी या वकीलबाई त्या घेऊन सुप्रीम कोर्टात गेल्या. हाच तो हुसैनारा खातून खटला. त्यात उघड झालं की काही लोक गुन्हा सिद्ध झाला असता तर जेवढी कमाल शिक्षा झाली असती, त्याहून जास्त काळ नुसतेच आत होते! न्या. भगवतींच्या खंडपीठाने सांगितलं की जलद खटला हा कलम २१ मधल्या जीविताच्या आणि स्वातंत्र्याच्या हक्काचाच भाग आहे. पुढे हजारो कैदी सुटले. त्याच्याही दोन वर्षं आधी न्या. कृष्णा अय्यर यांनी जामीन हा नियम आणि तुरुंग हा अपवाद, असं लिहून ठेवलं होतं. म्हणजे तत्त्व पाठ होऊन जवळजवळ पन्नास वर्षं झाली. अंमलबजावणीचं तेवढं बघा.

१९७९ नंतर कायद्यात टाइमआऊट यायला २००६ साल उजाडलं. फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम ४३६-अ आलं. कमाल शिक्षेच्या निम्मा काळ आत काढला की जामीन. १ जुलै २०२४ पासून नवी संहिता लागू झाली, तिचं कलम ४७९ आणखी पुढे जातं. पहिल्यांदाच गुन्ह्यात अडकलेल्याला एक तृतीयांश काळानंतरच सोडायचं. साध्या चोरीचं उदाहरण घ्या. कमाल शिक्षा तीन वर्षं, म्हणजे एका वर्षानंतर बाहेर. आणि सगळ्यात महत्त्वाचं, हा काळ पूर्ण झाला की तुरुंग अधीक्षकाने स्वतःहून कोर्टाला लेखी कळवायचं. कैद्याने अर्ज करायची वाट बघायची नाही. ऑगस्ट २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाने हा नियम जुन्या केसेसनाही लागू करा असं सांगितलं.

छान वाटलं ना? आता खालची बारीक अक्षरं. फाशी किंवा जन्मठेपेची तरतूद असलेल्या गुन्ह्यांना हे कलम लागू नाही. ते समजू शकतो, निदान त्यावर वाद घालता येईल. पण पुढे असंही आहे की एकाहून अधिक गुन्ह्यांत किंवा अनेक केसेसमध्ये तपास वा खटला चालू असेल, तर या कलमाखाली सुटका नाही. तुम्ही कधी एफआयआर वाचलाय? त्यात एकच कलम लावलेलं किती वेळा दिसतं? चोरीसोबत घरफोडी, मारहाणीसोबत धमकी, सगळ्यासोबत कट. अक्षरशः वाचलं तर एका हाताने दिलेलं दुसऱ्या हाताने काढून घेतलंय. कोड रिव्ह्यूमध्ये असली अट मी पास केली नसती.

बरं, समजा जामीन मंजूर झाला. संपलं? नाही. आता जामीनदार आणा. जामीनदाराची ऐपत दाखवा. ऐपतीच्या दाखल्यासाठी तलाठी, तहसीलदार अशा फेऱ्या मारा. रेशनकार्ड, सातबारा किंवा घरपट्टीची पावती, पगाराची स्लिप. बिहार किंवा बंगालमधून येऊन भिवंडीत हमाली करणाऱ्या माणसाला मुंबईत सातबारावाला ओळखीचा माणूस कुठून मिळणार? १९७८ मध्ये मध्य प्रदेशातल्या एका गवंड्याची केस सुप्रीम कोर्टात पोचली होती. कोर्टाने जामीन दिलेला, पण खालच्या न्यायाधीशांनी दहा हजारांचा जामीन मागितला. भाऊ उभा राहिला तर त्याची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात म्हणून तो नाकारला. सुप्रीम कोर्टाने तेव्हा खरमरीत शब्दांत सुनावलं आणि रक्कम एक हजारावर आणली. १९७८ मधले दहा हजार, आणि तेही गवंड्याकडून!

२६ नोव्हेंबर २०२२ रोजी, संविधान दिनाच्या कार्यक्रमात, राष्ट्रपती द्रौपदी मुर्मू यांनी न्यायाधीशांसमोरच गरीब कैद्यांचा विषय काढला. त्यानंतर जी माहिती गोळा झाली त्यात देशभरात सुमारे पाच हजार कच्चे कैदी जामीन मिळूनही आतच होते. कागदावर मोकळे, प्रत्यक्षात कोठडीत. ३१ जानेवारी २०२३ रोजी सुप्रीम कोर्टाने सविस्तर सूचना दिल्या. जामिनाचा आदेश त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी ईमेलने तुरुंगात पाठवा. सात दिवसांत कैदी सुटला नाही तर तुरुंगाने जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला कळवा. महिनाभरात जामीनदार मिळाला नाही तर अटी सैल करायच्या का ते कोर्टाने स्वतःहून बघा. स्थानिकच जामीनदार हवा हा हट्ट सोडा. केंद्राने गरीब कैद्यांसाठी योजनाही काढली, कच्च्या कैद्यामागे ४० हजारांपर्यंत मदतीची. त्याआधी मार्च २०२२ मध्ये आदेश इलेक्ट्रॉनिक पद्धतीने पोचवणारी "फास्टर" नावाची प्रणाली सुप्रीम कोर्टाने सुरू केली होतीच. तिचं कारणही ऐकण्यासारखं आहे. आग्र्याच्या तुरुंगातले तेरा कैदी जामिनाचा आदेश होऊनही दिवसेंदिवस सुटले नव्हते, कारण कागद पोचला नव्हता. तेव्हाचे सरन्यायाधीश रमणा वैतागून म्हणाले होते की आपण अजून आदेश आणणाऱ्या कबुतरांची वाट बघत आकाशाकडे डोळे लावून बसलोय.

म्हणजे नियम आहेत. योजना आहेत. सॉफ्टवेअरही आहे. नाहीये ते एकच. नियम मोडला तर काय होतं, या प्रश्नाचं उत्तर. तुरुंग अधीक्षकाने कळवलं नाही, तर? कोर्टाने महिन्याने फाईल उघडली नाही, तर? काही नाही. कैदी आतच.

आता अवघड भाग. दहशतवाद, अमली पदार्थ, मनी लाँडरिंग असे खास कायदे. इथे नेहमीचा नियमच उलटा आहे. मुंबईवरच्या हल्ल्यानंतर २००८ च्या डिसेंबरात यूएपीएमध्ये दुरुस्ती झाली. त्याप्रमाणे पोलिसांची कागदपत्रं वाचून आरोप सकृद्दर्शनी खरा वाटला, तर जामीन द्यायचा नाही. मनी लाँडरिंगच्या कायद्यात तर आरोपी दोषी नाही असं मानायला वाजवी कारण आहे, असं कोर्टाला आधीच पटावं लागतं. म्हणजे उलटतपासणी न झालेल्या कागदांवर फैसला. असे कायदे करण्यामागचं कारण मला कळतं. पण मग सरळ हिशोबाने असंही हवं होतं की इतका कडक कायदा असेल, तर खटलाही तितक्याच वेगात. झालंय नेमकं उलटं.

भीमा कोरेगाव प्रकरणात पहिली अटकसत्रं जून २०१८ मध्ये झाली. एकूण सोळा जण आरोपी. जानेवारी २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने त्यातल्या आणखी दोघांना जामीन दिला तेव्हा ते सहा वर्षांहून जास्त काळ आत होते, साक्षीदार तीनशेच्या वर, आणि आरोप निश्चितही झालेले नव्हते. सोळातल्या एकाला जामिनाची गरजच उरली नाही. ८४ वर्षांचे फादर स्टॅन स्वामी. कंपवातामुळे हातात पेला धरता येत नाही म्हणून त्यांनी स्ट्रॉ आणि सिपर मिळावा असा अर्ज कोर्टात केला होता. ५ जुलै २०२१ रोजी ते गेले, तेव्हा त्यांच्या जामिनाचं प्रकरण उच्च न्यायालयात चालूच होतं. त्यांच्यावरचे आरोप खरे होते की खोटे, हे आता कोणतंच कोर्ट सांगू शकणार नाही.

"हे सगळे तुमचे डावे लोक," असं माझा एक सहकारी चहाच्या टपरीवर म्हणाला. त्याच्यासाठी (आणि त्याच्या उलट बाजूच्या मित्रांसाठी) मालेगावचं उदाहरण देतो. मालेगावात दोनदा स्फोट झाले. ८ सप्टेंबर २००६ चा स्फोट, तीसहून अधिक मृत्यू. नऊ मुस्लिम तरुणांना पकडलं. बहुतेकांना पाच वर्षांनी, २०११ मध्ये जामीन मिळाला आणि २०१६ मध्ये विशेष न्यायालयाने त्यांना दोषमुक्त केलं. खटला पूर्ण चालवण्याइतकाही पुरावा नव्हता. मग २९ सप्टेंबर २००८ चा स्फोट, सहा मृत्यू. त्यात प्रज्ञासिंह ठाकूर, लेफ्टनंट कर्नल पुरोहित आणि इतर. ही दोघं जवळपास नऊ वर्षांनी, २०१७ मध्ये जामिनावर सुटली, आणि ३१ जुलै २०२५ रोजी विशेष न्यायालयाने सातही आरोपींची निर्दोष मुक्तता केली.

एका केसमध्ये एका बाजूच्या लोकांनी "सडवा त्यांना" म्हटलं, दुसऱ्या केसमध्ये दुसऱ्या बाजूच्या. आपला माणूस आत असला की मानवाधिकार, त्यांचा असला की राष्ट्रहित. ही चैन दोन्ही बाजूंनी केली. पण मला जास्त खुपतं ते वेगळंच. ज्यांची माणसं त्या स्फोटांत गेली, त्यांना काय मिळालं? कोणीतरी आत आहे, एवढ्या समाधानावर यंत्रणा वर्षानुवर्षं निवांत राहिली. खटला लांबवूनही आरोपी आतच राहतो, तर घाई कोणाला? लांबलेली कैद पीडितांच्याही बाजूची नसते. खरा गुन्हेगार शोधायचा आणि सिद्ध करायचा दबाव ती काढून टाकते.

आता तुम्ही म्हणाल, आणि म्हणायलाच हवं, की सोडल्यावर तो पळाला तर? साक्षीदाराला धमकावलं तर? डिसेंबर २०१९ मध्ये उन्नावला न्यायालयात जायला निघालेल्या बलात्कारपीडित मुलीला वाटेत जाळण्यात आलं. हल्लेखोरांमध्ये त्याच केसमधला, काहीच दिवसांपूर्वी जामिनावर सुटलेला आरोपी असल्याचं समोर आलं. ती वाचली नाही. हे उदाहरण गिळून जामिनावर लिहिणं अप्रामाणिकपणा होईल.

पण त्या घटनेकडे नीट बघा. तिथे प्रश्न होता, हा विशिष्ट माणूस या विशिष्ट मुलीला धोका आहे का? तिला संरक्षण आहे का? जामिनाच्या वेळी नेमके हेच प्रश्न विचारायचे असतात. पळून जाईल का, पुरावा बिघडवेल का, कोणाला इजा करेल का. ज्याच्या बाबतीत उत्तर "हो" आहे, त्याला जरूर आत ठेवा, कारणं लिहून ठेवा, आणि त्याचा खटला सगळ्यात आधी चालवा. आज होतं असं की गुन्ह्याचं नाव भयंकर असलं की जामीन नाही, आणि वकील तगडा असला की आहे. म्हणजे धोकादायक पण साधनसंपन्न माणूस बाहेर येतो आणि निरुपद्रवी पण गरीब माणूस आत राहतो. मशीन लर्निंगवाल्यांच्या भाषेत फॉल्स पॉझिटिव्ह आणि फॉल्स निगेटिव्ह दोन्ही जास्त. असलं मॉडेल आपण प्रॉडक्शनमध्ये ठेवलं असतं का?

न्यायाधीशांची बाजूही समजून घेतली पाहिजे. जामीन दिला आणि काही विपरीत घडलं तर पहिल्या पानावर बातमी. जामीन नाकारला आणि माणूस चार वर्षं विनाकारण आत राहिला तर बातमी नाही. मनीष सिसोदियांना सतरा महिन्यांनी, ऑगस्ट २०२४ मध्ये जामीन देताना सुप्रीम कोर्टानेच म्हटलं की खालची न्यायालयं आणि उच्च न्यायालयं जामिनाच्या बाबतीत सुरक्षित खेळताना दिसतात. त्या केसमध्ये चारशे नव्वदहून जास्त साक्षीदार होते आणि खटला सुरूही झालेला नव्हता. त्याच्या महिनाभर आधीचा मुंबईतल्या बनावट नोटांच्या केसमधला निकाल मला सगळ्यात नेमका वाटतो. आरोपी फेब्रुवारी २०२० पासून आत, किमान ऐंशी साक्षीदार, आरोप निश्चित नाहीत. कोर्टाने सरकारला जे सांगितलं त्याचा मथितार्थ असा, की वेळेत खटला चालवायची तुमची तयारी नसेल तर केवळ गुन्हा गंभीर आहे म्हणून जामिनाला विरोध करू नका. आणि २०२१ मध्ये, केरळात प्राध्यापकाचा हात तोडल्याच्या केसमधल्या पाच वर्षं आत असलेल्या आरोपीबद्दल, २७६ साक्षीदार बाकी असताना, सुप्रीम कोर्टाने हेही स्पष्ट केलंय की यूएपीएची कडक अटही कलम २१ पेक्षा मोठी नाही. तो गुन्हा किळसवाणा होता. तत्त्वाची परीक्षा अशाच केसमध्ये होते.

मग करायचं काय? माझ्या मते चार गोष्टी.

१. आरोपपत्रानंतरही घड्याळ चालू ठेवा. ठराविक काळात आरोप निश्चित झाले नाहीत, किंवा उशीर आरोपीमुळे नसताना साक्षी पुढे सरकल्या नाहीत, तर जामीन हा हक्क. खास कायद्यांतसुद्धा, फार तर मुदत जास्त ठेवा. पण मुदत हवी.

२. कलम ४७९ मधली "एकाहून अधिक गुन्हे" ही अट काढा, निदान एकाच घटनेतल्या कलमांसाठी तरी.

३. जामीन मंजूर झाल्यावर ठराविक दिवसांत जामीनदार मिळाला नाही तर आदेश आपोआप जातमुचलक्यावर यावा. पैसे नाहीत हे तुरुंगात राहण्याचं कारण असू शकत नाही.

४. न्यायाधीश वाढवा. १९८७ मध्ये विधी आयोगाने दहा लाख लोकांमागे पन्नास न्यायाधीश हवेत असं सांगितलं होतं. आज आपण त्याच्या निम्म्यालाही पोचलेलो नाही, आणि जिल्हा न्यायालयांत चार कोटींहून अधिक खटले पडून आहेत. प्रोसेसर तोच ठेवून रांग लांबत गेली की काय होतं ते सांगायला नको.

चौथी गोष्ट महाग आहे, मान्य. पहिल्या तिन्हींना मात्र जवळजवळ काहीच खर्च नाही. उलट खर्च वाचेल. क्षमतेपेक्षा तीस टक्के जास्त भरलेले तुरुंग (हाही २०२२ चाच आकडा) चालवणं काही स्वस्त नाही.

आणि आत बसलेल्याचा खर्च कोण धरणार? रोजंदारीवरच्या माणसाचं काम पहिल्याच आठवड्यात जातं. खोलीचं भाडं थकतं. मुलं शाळेतून निघतात. बायको मुलाकतीसाठी आणि तारखांसाठी रोज बुडवते. छोट्या गुन्ह्यांत तर कित्येक जण न केलेला गुन्हाही कबूल करून मोकळे होतात, कारण शिक्षा आधीच भोगून झालेली असते आणि "दोषी" म्हटलं की आज घरी जाता येतं. पुढच्या वेळी पोलीस वस्तीत आले की पहिलं नाव त्याचंच. निर्दोष सुटलेल्यालाही गेलेल्या वर्षांची भरपाई मागायचा ठरलेला, सोपा मार्ग आपल्या कायद्यात नाही.

आपण काय करू शकतो, असं कोणी विचारेल. फार काही नाही, पण एक गोष्ट नक्की. "आरोपीला जामीन" अशी बातमी दिसली की आपल्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर लगेच "वा रे न्यायव्यवस्था" सुरू होतं. न्यायाधीशांना सुरक्षित खेळायला लावणारा दबाव तोच, आणि तो आपण तयार करतो. पुढच्या वेळी फॉरवर्ड करण्याआधी त्या बातमीत फक्त दोन गोष्टी शोधा. तो किती वर्षं आत होता, आणि त्याचा खटला कुठवर आला होता. बातमीत दोन्ही नसतील, तर विचारा.